कॅलिफोर्नियात भाड्याचं घर सोडताय? डिपॉझिट असं सोडवा

किल्ल्या दिल्या की मॅनेजमेंट कंपनी रंग, कार्पेट दाखवून डिपॉझिट कापते.

१. घर सोडण्याच्या शेवटच्या दोन आठवड्यांत पूर्वतपासणी (घर सोडण्याआधी कंपनीने करायची पाहणी) लेखी मागा. दोषांची यादी हातात येते, ते आपणच स्वस्तात दुरुस्त करावेत.

२. रिकाम्या घराचे फोटो काढा. ओव्हनचा तळ आणि खिडकीच्या खाचा हमखास राहतात, आणि साफसफाईचे पैसे तिथेच लावतात!

३. २१ दिवसांत हिशेब मिळायलाच हवा. दुरुस्ती-सफाईची कपात १२५ डॉलरपेक्षा जास्त असेल तर पावत्यांसह. रोजच्या वापराची झीज कापता येत नाही.

४. दाद मिळाली नाही तर मागणीपत्र, मग स्मॉल क्लेम्स कोर्ट (लहान रकमेच्या दाव्यांचं न्यायालय): १२,५०० डॉलरपर्यंत, वकिलाविना.

नवा पत्ता लेखी कळवा. नाहीतर हिशेब सोडलेल्या घराच्याच पेटीत जाऊन पडतो.