परदेशात जन्म झालाय? आईवडिलांकडून येणारं नागरिकत्व कसं मिळवायचं

फॉर्म उघडायच्या आधी एक कागद घ्या आणि तीन तारखा लिहून काढा: तुमची जन्मतारीख, आई किंवा वडील (ज्यांच्यामुळे नागरिकत्व मागताय ते) त्या देशाचे नागरिक कधी झाले, आणि मध्येच सोडलं असेल तर कधी सोडलं. सगळं या तीन तारखांवर अडतं. लोक विचारतात "माझे वडील आता तिकडचे सिटिझन आहेत, मला मिळेल का", पण आता काय आहेत ते कोणी बघत नाही, तुम्ही जन्मलात त्या दिवशी ते काय होते ते बघतात. तुमच्या जन्मानंतर त्यांना नागरिकत्व मिळालं असेल तर बहुतेक ठिकाणी हा रस्ता बंद, मग इमिग्रेशनची वेगळी भानगड.

आता त्या दिवशीचा कायदा काय होता ते शोधा, आजचा नाही. जुने कायदे बहुतेक बापाच्या बाजूचे होते. भारताचंच घ्या, १० डिसेंबर १९९२ च्या आधी परदेशात जन्मलेल्या मुलाला वडील भारतीय असतील तरच वंशाने नागरिकत्व मिळायचं, त्या तारखेपासून आई किंवा वडील कोणीही चालतं. ब्रिटनमध्ये हाच बदल १ जानेवारी १९८३ ला आला. पण तिथे नंतर कायदा दुरुस्त झाला आणि ब्रिटिश आईच्या त्याआधी जन्मलेल्या मुलांना रजिस्ट्रेशन करून नागरिकत्व घेता येऊ लागलं, त्यामुळे घरात कोणी वीस वर्षांपूर्वी "आईकडून मिळत नाही" असं सांगून विषय संपवला असेल तर पुन्हा एकदा बघाच.

तिसरी पायरी, आणि इथेच जास्त लोक अडकतात: पालकांना स्वतःला नागरिकत्व कसं मिळालं. ते त्या देशात जन्मलेत की तेसुद्धा बाहेर जन्मून वंशाने झालेत? ब्रिटनमध्ये वंशाने मिळालेलं नागरिकत्व परदेशात जन्मलेल्या पुढच्या पिढीला साधारणपणे आपोआप जात नाही. ऑस्ट्रेलियात पालक स्वतः वंशाने नागरिक असेल तर त्याने तिथे एकूण दोन वर्षं कायदेशीर राहिलेलं लागतं. अमेरिकेचा हिशोब तर दिवसांचा आहे. लग्न झालेल्या जोडप्यात एकच जण अमेरिकन असेल आणि मूल १४ नोव्हेंबर १९८६ ला किंवा नंतर जन्मलं असेल, तर त्या पालकाने मूल व्हायच्या आधी किमान ५ वर्षं अमेरिकेत प्रत्यक्ष काढलेली हवीत, त्यातली २ वयाच्या १४ नंतरची. हे सिद्ध करायचं म्हणजे वडिलांचे शाळा-कॉलेजचे रेकॉर्ड, नोकरीचे आणि टॅक्सचे कागद, जुन्या पासपोर्टवरचे शिक्के. म्हणून रद्द झालेले पासपोर्ट रद्दीत टाकू नका हो, तेच उपयोगी पडतात!

मूल लहान असेल तर मुदत आधी बघा, बाकी सगळं नंतर. ३ डिसेंबर २००४ पासून परदेशात जन्मलेल्या मुलाचा जन्म भारतीय दूतावासात एका वर्षाच्या आत नोंदवावा लागतो, उशीर झाला तर केंद्र सरकारची परवानगी लागते, आणि मुलाकडे दुसऱ्या देशाचा पासपोर्ट नाही असं आईवडिलांना लिहून द्यावं लागतं. आता गंमत बघा, मूल जन्मतं, आजी-आजोबांना भेटायला जायची घाई असते, म्हणून जिथे जन्मलं तिथलाच पासपोर्ट पटकन काढतात आणि मग हे लिहून देता येत नाही. जर्मनीतही एक वर्षाचीच मुदत आहे, जर्मन पालक स्वतः १ जानेवारी २००० ला किंवा नंतर परदेशात जन्मलेले असतील आणि परदेशातच राहत असतील तर. अमेरिकेच्या वकिलातीत जन्माची नोंद मूल १८ चं व्हायच्या आत करावी लागते.

मग कागद. जन्मदाखला पूर्ण हवा, म्हणजे आईवडिलांची नावं असलेला, काही देश छोटा दाखला देतात त्यात फक्त मुलाचं नाव असतं आणि तो इथे बिनकामाचा. पालकांचा जन्मदाखला किंवा नागरिकत्वाचं सर्टिफिकेट, लग्नाचा दाखला, नाव बदललं असेल तर त्याचा पुरावा. आणि स्पेलिंग! माझ्या मामेबहिणीची फाइल चार महिने पडून परत आली, कारण आईच्या नावात पासपोर्टवर 'व्ही' होता आणि मुलीच्या जन्मदाखल्यावर 'डब्ल्यू'. एकच बाई, पण कागदावर दोन. शेवटी ॲफिडेव्हिट, जुना शाळेचा दाखला, असं सगळं जोडून परत पाठवलं. म्हणून सगळे कागद टेबलावर शेजारी शेजारी मांडा आणि प्रत्येक नाव अक्षर अक्षर बोट ठेवून वाचा, कंटाळवाणं आहे पण करा. परदेशी दाखल्यावर ॲपोस्टिल (म्हणजे दाखला खरा आहे असं सांगणारा, तो दाखला देणाऱ्या देशाचा सरकारी शिक्का) लागत असेल तर ते आधी करून घ्या आणि भाषांतर नंतर, म्हणजे शिक्क्याचंही भाषांतर होतं.

अर्ज करताना तुम्ही नक्की काय मागताय हेही माहीत हवं. काही वेळा तुम्ही जन्मापासून नागरिक असताच, फक्त पुरावा काढायचा असतो. आई किंवा वडील आयर्लंडमध्ये जन्मलेले आयरिश नागरिक असतील तर सरळ पासपोर्टचा अर्ज. फक्त आजी किंवा आजोबा तिथे जन्मलेले असतील तर परदेशी जन्मांच्या रजिस्टरमध्ये नाव घालावं लागतं आणि नागरिकत्व नोंदणीच्या दिवसापासून सुरू होतं. म्हणजे नोंदणीच्या आधी तुम्हाला झालेल्या मुलाला तुमच्याकडून ते मिळत नाही. घरात पाळणा हलणार असेल तर फाइल आधी हलवा.

दोन नागरिकत्वांचा प्रश्न सही करायच्या आधीच सोडवा. मोठेपणी स्वतःहून दुसरं नागरिकत्व घेतलं की भारतीय नागरिकत्व जातं. आणि जन्मापासून दोन्ही असलेल्या मुलाने सज्ञान झाल्यावर ६ महिन्यांत दुसरं सोडलं नाही तरी भारतीय जातंच, त्यामुळे अठराव्या वाढदिवसाची तारीख आत्ताच फोनच्या कॅलेंडरमध्ये टाकून ठेवा.

ओरिजिनल कागद पोस्टाने पाठवायचे असतील तर ट्रॅकिंगवालाच कुरिअर घ्या, आणि जन्मदाखल्याच्या सर्टिफाइड कॉपी एकाच्या जागी तीन मागवा.