अमेरिकेचा व्हिजिटर व्हिसा: अर्ज स्वतः भरा, मुलाखत स्वतःच्या शब्दांत द्या

माझ्या आईला अमेरिकेचा व्हिसा पहिल्या वेळी नाकारला, तेव्हा खिडकीपलीकडच्या अधिकाऱ्याने तिला तीनच प्रश्न विचारले होते. कुणाकडे जाणार, किती दिवस राहणार आणि तुम्ही काय करता. आई म्हणाली, ‘मी शिवणकामाचे वर्ग घेते.’ ती गेली पंधरा वर्षे वर्ग घेत होती. पण एजंटने भरलेल्या अर्जात तिच्यापुढे ‘गृहिणी’ एवढेच लिहिले होते. तिचे उत्तर खरे होते, अर्ज खोटा होता, आणि समोरच्या माणसाकडे फक्त अर्ज होता. नकार नेमका कशामुळे मिळाला ते चिठ्ठीवर लिहिलेले नसते, त्यामुळे मी छातीठोकपणे सांगू शकत नाही. पण दुसऱ्या वेळी आम्ही दोघींनी मिळून, एकेक रकाना वाचत अर्ज भरला आणि तिला व्हिसा मिळाला. तेव्हापासून ओळखीतल्या बऱ्याच जणांना मी अर्जासाठी मदत केली. त्या सगळ्यातून जे कळले ते इथे लिहिते आहे.

अधिकारी कशाच्या शोधात असतो

हे आधी समजून घ्या, कारण पुढचे सगळे यावर उभे आहे. अमेरिकेच्या १९५२च्या ‘इमिग्रेशन अँड नॅशनॅलिटी अॅक्ट’मध्ये २१४(बी) नावाचे एक कलम आहे. व्हिजिटर व्हिसा मागणारा प्रत्येक माणूस अमेरिकेत कायमचा राहायला निघाला आहे असे धरूनच चालावे, असे ते कलम अधिकाऱ्याला सांगते. तसे नाही हे पटवून देण्याची जबाबदारी अर्जदाराची. म्हणजे अधिकारी तुमच्यावर संशय घेतो तो तुमचा चेहरा पाहून नव्हे, कायदाच त्याला तिथून सुरुवात करायला लावतो. हे कळले की त्याचे कोरडे प्रश्न मनाला लागत नाहीत.

परत येण्यासारखे तुमच्याकडे काय आहे, हा खरा प्रश्न. नोकरी, धंदा, शिक्षण, शेती, घर, मागे राहणारी माणसे, याआधी परदेशी जाऊन वेळेत परतल्याची नोंद, असे काहीही. यांतली एकच गोष्ट निर्णायक नसते. घर नावावर नाही म्हणून व्हिसा गेला असे होत नाही, आणि बँकेत भरपूर पैसे आहेत म्हणून मिळाला असेही नाही. तुमच्या आयुष्याचे एकूण चित्र त्याला दोन-तीन मिनिटांत दिसायला हवे.

पहिली पायरी: व्हिसा कुठला आणि पासपोर्ट कसा

कामाच्या बैठका, परिषदा किंवा करारासाठी बी-१. फिरणे, नातेवाइकांची भेट किंवा वैद्यकीय उपचारांसाठी बी-२. बहुतेकांना बी-१/बी-२ असा एकत्रच व्हिसा मिळतो. या व्हिसावर तिथे नोकरी करता येत नाही, आणि पदवीसाठी शिकताही येत नाही.

पासपोर्टची मुदत तिथल्या मुक्कामानंतर आणखी किमान सहा महिने असावी, हा सर्वसाधारण नियम आहे. काही देशांच्या नागरिकांना यातून सूट आहे. मुदत संपत आली असेल तर आधी पासपोर्ट नवा करून घ्या, कारण अर्जात पासपोर्ट क्रमांक भरावा लागतो. जुने पासपोर्ट फेकू नका. त्यांवरचे शिक्के तुमच्या प्रवासाचा इतिहास सांगतात.

अर्ज कुठून करायचा याबाबतही एक बदल झाला आहे. सप्टेंबर २०२५ पासून अर्जदाराने आपल्या नागरिकत्वाच्या किंवा वास्तव्याच्या देशातूनच मुलाखतीची वेळ घ्यावी, असे धोरण आहे. तारीख लवकर मिळते म्हणून तिसऱ्याच देशात जाऊन मुलाखत देण्याचा बेत आता आखू नका.

दुसरी पायरी: डीएस-१६०

खरी मुलाखत इथेच सुरू होते. डीएस-१६० हा ऑनलाइन अर्ज अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याच्या संकेतस्थळावर भरतात, आणि तो भरायला पैसे पडत नाहीत. पत्त्याच्या शेवटी ‘डॉट गव्ह’ आहे की नाही ते बघा. हुबेहूब दिसणारी आणि अर्ज भरण्याचे पैसे मागणारी संकेतस्थळे पुष्कळ आहेत.

अर्ज उघडताच एक अर्ज क्रमांक मिळतो. तो आधी वहीत लिहून ठेवा, सुरक्षा प्रश्नाचे उत्तरही लिहा. सुमारे वीस मिनिटे काही केले नाही तर पान बंद पडते. जतन केलेले नसेल आणि क्रमांकही हाताशी नसेल, तर सगळे पुन्हा पहिल्यापासून. प्रत्येक पानानंतर जतन करा. उत्तरे इंग्रजीतच लिहायची असतात. फक्त पूर्ण नाव एका ठिकाणी आपल्या लिपीत विचारतात.

अर्जाला बसण्याआधी काही माहिती कागदावर काढून ठेवली की काम निम्मे होते. गेल्या पाच वर्षांत कोणत्या देशांत गेलात, आधीच्या नोकऱ्यांच्या तारखा, आईवडिलांच्या जन्मतारखा, अमेरिकेत ज्यांच्याकडे उतरणार त्यांचा पूर्ण पत्ता आणि फोन, गेल्या पाच वर्षांत वापरलेल्या समाजमाध्यमांवरची तुमची नावे. आधी अमेरिकेला गेला असाल तर त्या तारखाही.

काही रकाने जपून भरा. ‘पूर्वी कधी व्हिसा नाकारला गेला आहे का’ या प्रश्नाला खरे उत्तर द्या, मग तो नकार वीस वर्षांपूर्वीचा का असेना. त्यांच्याकडे ती नोंद असते. अमेरिकेत सख्खे नातेवाईक आहेत का, कुणी तुमच्यासाठी ग्रीन कार्डची याचिका दाखल केली आहे का, हेही विचारतात. इथे लपवाछपवी केली तर प्रकरण नुसत्या नकारावर थांबत नाही. महत्त्वाची माहिती जाणूनबुजून खोटी दिल्याचे ठरले तर कायमची प्रवेशबंदी लागू शकते. मुलगा तिकडे आहे हे सांगितल्याने व्हिसा जाईल या भीतीने लोक ते लपवतात, हे मी पाहिले आहे. मुलगा तिकडे असणे हा गुन्हा नाही. लपवणे मात्र महागात पडते.

कामाचा रकाना तर दोनदा वाचा. निवृत्त असाल तर निवृत्त लिहा, पण आधीच्या नोकरीचा तपशीलही भरा. घरून काही व्यवसाय करत असाल, थोडासा का असेना, तो लिहा. आपल्याकडे बायका स्वतःच्या कामाला काम म्हणत नाहीत, तसे इथे करू नका.

दुसऱ्या कुणी मदत केली असेल तर शेवटच्या पानावर त्यांचे नाव द्यावे लागते, आणि सादर करण्याचे बटण अर्जदाराने स्वतः दाबायचे असते. त्याआधी सगळा अर्ज एकदा मोठ्याने वाचून काढा. वयस्क आईवडिलांचा अर्ज भरत असाल तर प्रत्येक उत्तर त्यांना त्यांच्या भाषेत समजावून सांगा. त्यात लिहिलेले त्यांना माहीतच नसेल तर खिडकीपाशी ते गोंधळणार.

फोटो गेल्या सहा महिन्यांतला, चौरस, पांढऱ्या पार्श्वभूमीवरचा. छापील प्रत दोन इंच बाय दोन इंच. नोव्हेंबर २०१६ पासून फोटोत चष्मा चालत नाही.

सादर केल्यावर बारकोड असलेले पुष्टीपान येते. तेवढे छापा, सगळा अर्ज छापायची गरज नाही.

तिसरी पायरी: शुल्क आणि वेळ

बी-१/बी-२ अर्जाचे शुल्क जून २०२३ पासून १८५ डॉलर आहे. व्हिसा मिळो न मिळो, ते परत मिळत नाही. याशिवाय आणखी काही शुल्क लागू झाले आहे का, हे भरण्याच्या दिवशी दूतावासाच्या संकेतस्थळावर बघून घ्या. वेळ घेताना दिलेला डीएस-१६०चा क्रमांक आणि मुलाखतीला नेलेल्या पुष्टीपानावरचा क्रमांक एकच हवा. चूक सुधारण्यासाठी नवा अर्ज भरला असेल तर मुलाखतीच्या वेळेच्या नोंदीतला क्रमांकही बदलून घ्या.

तारीख कधीची मिळेल हे दूतावासागणिक फार बदलते, म्हणून प्रवासाच्या कितीतरी आधी सुरुवात करा. कुणाचे गंभीर आजारपण किंवा मृत्यू यांसारख्या प्रसंगी लवकरची तारीख मागता येते, पण त्यासाठी आधी शुल्क भरून नेहमीची वेळ घेतलेली असावी लागते. आणि व्हिसा हातात पडेपर्यंत विमानाचे तिकीट काढू नका. अर्जात प्रवासाची तारीख अंदाजे लिहिलेली चालते.

लहान मुलांना आणि वृद्धांना मुलाखत नसते, असे अजूनही बरेच जण सांगतात. २ सप्टेंबर २०२५ पासून ही सूट गेली. आता १४ वर्षांखालच्या मुलांना आणि ७९ वर्षांवरच्यांनाही सर्वसाधारणपणे यावे लागते.

मुलाखतीची तयारी

घोकंपट्टी करू नका. एजंट वीस प्रश्नांची छापील उत्तरे देतात, आणि एकाच साच्यातली ती उत्तरे अधिकारी रोज शंभरदा ऐकतो. त्याऐवजी घरातल्या कुणाला समोर उभे करा आणि उभ्या-उभ्याच बोला, कारण तिथेही बहुतेक वेळा खिडकीपाशी उभे राहून, काचेतून, मागे रांग असताना बोलायचे असते. बसून गप्पा मारल्यासारखा सराव तिथे कामी येत नाही.

का जाता, कुणाकडे, किती दिवस, खर्च कोण करणार, इथे काय करता, मुलगा किंवा मुलगी तिथे काय काम करते आणि कोणत्या व्हिसावर आहे, याआधी कुठे गेला होता, हे प्रश्न ठरलेले आहेत. यांतले शेवटून दुसरे आईवडिलांना अडचणीत आणते. ‘कंपनीत आहे’ एवढेच उत्तर येते. मुलाच्या कंपनीचे नाव, हुद्दा, गाव आणि व्हिसाचा प्रकार त्यांना सांगून ठेवा.

उत्तर एका-दोन वाक्यांत, थेट. ‘किती दिवस राहणार?’ याला ‘बघू, मुलगा म्हणेल तसे’ हे आपल्या घरात प्रेमळ उत्तर असेल, तिथे ते घातक ठरते. ‘आठ आठवडे, मुलीला भेटायला, नंतर माझे वर्ग पुन्हा सुरू होतात,’ असे आईने दुसऱ्या वेळी सांगितले होते. या एका वाक्यात कारण, मुदत आणि परतीची ओढ, तिन्ही आले, आणि तिन्ही खरे होते.

प्रश्न कळला नाही तर पुन्हा विचारा, त्यात काही कमीपणा नाही. इंग्रजी येत नसेल तर ओढूनताणून बोलू नका. अनेक दूतावासांत स्थानिक भाषेत मुलाखत देता येते. वेळ घेतानाच भाषा निवडण्याची सोय आहे का ते बघा.

कागदपत्रे नेटकी लावून न्या: सध्याचा आणि जुने पासपोर्ट, पुष्टीपान, वेळेचे पत्र, फोटो, शिवाय नोकरीचे वा व्यवसायाचे पुरावे, उत्पन्नाची कागदपत्रे, उपचारांसाठी जात असाल तर डॉक्टरांची पत्रे. पण फाइल उघडायला सांगितलीच नाही तर बिचकू नका, बहुतेकांच्या बाबतीत असेच होते. मुलाच्या आमंत्रणपत्रासाठी धावपळ करू नका. परराष्ट्र खाते स्वतःच सांगते की व्हिजिटर व्हिसासाठी आमंत्रणपत्र किंवा आर्थिक हमीपत्र आवश्यक नाही. निर्णय तुमच्या परिस्थितीवर होतो, मुलाच्या पगारावर नाही.

मोबाइल, स्मार्ट घड्याळ, पेन ड्राइव्ह घरीच ठेवा.

निकाल त्याच खिडकीवर

पासपोर्ट ठेवून घेतला तर बहुधा व्हिसा मंजूर झाला. हातात येताच नाव, जन्मतारीख, पासपोर्ट क्रमांक तपासा आणि चूक असेल तर प्रवासाआधीच दुरुस्त करून घ्या.

२२१(जी)ची चिठ्ठी मिळाली तर प्रकरण अर्धवट आहे. एखादे कागदपत्र हवे आहे किंवा आणखी तपासणी चालू आहे. चिठ्ठीवर लिहिलेले तेवढे करा आणि थांबा.

२१४(बी)ची मिळाली तर तो नकार आहे. त्यावर अपील नसते. खिडकीपाशी वाद घालून उपयोग होत नाही, आणि आईवडील रडवेले होऊन बाहेर आले तर त्यांना ‘काय बोललात’ असे विचारू नका. पुन्हा अर्ज कधीही करता येतो, नवे शुल्क भरून. पण आधीच्या अर्जाची प्रत काढून बसा आणि बघा: काही चुकीचे लिहिले होते का, काही सांगायचे राहिले का, परिस्थितीत काही बदलले का. काहीच बदलले नसताना पुढच्याच महिन्यात पुन्हा गेल्यास उत्तरही बहुधा तेच मिळते.

विमानतळावर

व्हिसा म्हणजे अमेरिकेच्या दारापर्यंत जाण्याची परवानगी. आत सोडायचे की नाही आणि किती दिवस, हे तिथे उतरल्यावर सीमाशुल्क व सीमा संरक्षण विभागाचा अधिकारी ठरवतो. व्हिसा दहा वर्षांचा असला तरी मुक्कामाची शेवटची तारीख आय-९४ या नोंदीत असते, आणि बी-२वर ती बहुधा सहा महिन्यांची मिळते. उतरल्यावर पहिल्याच आठवड्यात ही नोंद ऑनलाइन काढून तारीख बघा. ती ओलांडली तर व्हिसा रद्द ठरतो, आणि १८० दिवसांहून जास्त बेकायदा राहून मग देश सोडला तर तीन वर्षांची, वर्षभर किंवा त्याहून जास्त राहिल्यास दहा वर्षांची प्रवेशबंदी लागते. आईची तारीख मी छापून तिच्या पासपोर्टाच्या कव्हरमध्ये ठेवली होती, आणि परतीचे तिकीट त्याच्या बरेच आधीचे काढले होते.