आठवणीची प्रत काढताना

आजोबा जिन्यावरून उतरतात, कॅमेऱ्याकडे बघून हात हलवतात. १६ मिमीच्या फिल्मवर हे सगळं तीन फुटांत आहे. फुटाला ४० चौकटी, म्हणजे १२० चौकटी, सेकंदाला २४ च्या वेगाने बरोबर पाच सेकंद. या पाच सेकंदांची प्रत, त्या प्रतीची प्रत, असं करत गेले की आठवणीचं जे होतं तेच फिल्मवर डोळ्यांदेखत होतं. घरी, हाताने करता येतं.

तुकडा छोटाच निवडा. जुनी फिल्म आकसलेली असते. लांबी वाढली की नव्या फिल्मच्या छिद्रांशी तिची छिद्रं जुळत नाहीत. व्हिनेगरसारखा वास येत असेल तर फिल्मचा पारदर्शक पाया, म्हणजे ॲसिटेट, कुजायला लागलाय, ते रीळ बाकीच्यांपासून लगेच वेगळं ठेवा. आणि मूळ फिल्म पाण्यात घालायची नाही. धूळ काढायला म्हणून मी एक तुकडा कोमट पाण्यात टाकला होता. चित्र धरून ठेवणारं जिलेटिन फुगलं, सुटलं आणि आईचा चेहरा बोटाखालून सरकून गेला. तो परत आला नाही. तेव्हापासून प्रत काढायला मूळ तुकडा मी एकदाच वापरते, तोही कोरडा.

छपाईसाठी कृष्णधवल प्रिंट स्टॉक, म्हणजे प्रती काढायची कोरी फिल्म, घ्या. त्याला फक्त निळा उजेड कळतो, त्यामुळे लाल दिव्याखाली निवांत काम होतं. तीन फुटी फळीवर काळा कागद पसरा, त्यावर कोरा स्टॉक इमल्शन, म्हणजे चित्र उमटणारा थर, वर करून ठेवा. बाजू ओळखता येत नसेल तर टोक ओल्या ओठाला लावा, चिकटते ती इमल्शनची. त्यावर मूळ तुकडा इमल्शन खाली करून, छिद्रावर छिद्र बसवून ठेवा आणि वर काच दाबा. आता छोटी टॉर्च एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत फिरवायची. किती वेळ, हे आधी दोन-चार इंचांच्या तुकड्यांवर बघून घ्या. हाताचा वेग कमी-जास्त झाला तर पडद्यावर उजेड लहान-मोठा होत राहतो. मला तो तसाच हवा असतो.

पुढचं फोटोच्या कागदासारखंच: २० अंशांचा पेपर डेव्हलपर, चित्र भरेपर्यंत तुकडा सतत हलवत राहायचं, मग डेव्हलपरचं काम थांबवणारा स्टॉप बाथ, मग चित्र पक्कं करणारा फिक्सर. दुधट फिल्म पारदर्शक व्हायला जितका वेळ लागतो त्याच्या दुप्पट वेळ फिक्सरमध्ये ठेवा. वाहत्या पाण्यात धुवा, चिमट्याने टांगा.

पहिली प्रत निगेटिव्ह, म्हणजे काळं-पांढरं उलटं, दुसरी पॉझिटिव्ह, म्हणजे पुन्हा सुलट, आणि पुढे असंच आलटून-पालटून. आजोबांचा लाल स्वेटर दुसऱ्या प्रतीत काळा झाला, कारण लाल रंगातून या स्टॉकला दिसेल असा उजेड येतच नाही. मूळ रंगीत फिल्म रोज बघणारी मी, आता स्वेटर आठवला की काळाच आठवतो. चौथ्या प्रतीत करडे रंग जवळजवळ संपले, धुळीचे कण मात्र पिढ्यान्‌पिढ्या साठत गेले. सहाव्यात आजोबांचे डोळे गेले. ओरखडे पुसायचा मोह होईल, पुसू नका, तुमच्या हातांनी त्या पाच सेकंदांत घातलेली भर तीच आहे.

आठव्या प्रतीत जिनाही उरला नव्हता. पांढऱ्यात एक काळी आकृती होती आणि तिचा हात हलत होता. ते आजोबाच आहेत हे मला त्या हलण्यावरून कळत होतं, म्हणून मी तिथे थांबले. चारही पॉझिटिव्ह सलग जोडले: वीस सेकंद. मूळ तुकडा हवेशीर डब्यात, थंड आणि कोरड्या जागी परत ठेवून दिला.