टीआय-८४ प्लस सीईवर गेम टाकायचेत? आधी ओएसची आवृत्ती बघा

पुण्यात आयबीच्या (इंटरनॅशनल बॅकलॉरिएट अभ्यासक्रमाच्या) मुलांना मी गणित शिकवतो. त्यांना टेक्सास इन्स्ट्रुमेंट्स (टीआय) कंपनीच्या टीआय-८४ प्लस सीईसारखा आलेख काढणारा ग्राफिंग कॅल्क्युलेटर लागतोच, आणि नवा कॅल्क्युलेटर हातात आला की आठवडाभरात कुणीतरी विचारतंच, "सर, यात गेम चालतात ना?" चालतात, आणि छान चालतात. आजवर मी बऱ्याच जणांना टाकून दिलेत. त्यातल्या काहींनी पुढे स्वतःचे प्रोग्राम लिहिले, म्हणून मी या कामाला कधी नाही म्हणत नाही. पण इंटरनेटवर सापडणारे निम्मे सल्ले २०२० च्या आधीचे आहेत. ते पाळून मुलं तासन्‌तास घालवतात आणि शेवटी कॅल्क्युलेटरच बिघडला असं समजतात.

तयारी

कॅल्क्युलेटर चार्ज केलेला, कॉम्प्युटरवर 'टीआय कनेक्ट सीई' हे फुकट मिळणारं सॉफ्टवेअर आणि खोक्यातली मूळ मिनी-यूएसबी केबल. बाजारातल्या काही केबल नुसत्या चार्जिंगच्या असतात. त्या लावल्या तर कॉम्प्युटरला कॅल्क्युलेटर दिसतच नाही.

आवृत्ती

केबल जोडायच्या आधी कॅल्क्युलेटरवर 'सेकंड' आणि मग '+' दाबा. मेमरीचा मेनू उघडेल. त्यात पहिलंच 'अबाउट' आहे. तिथे मॉडेलच्या नावाजवळ ५ ने सुरू होणारा आकडा दिसतो. ती ओएसची, म्हणजे कॅल्क्युलेटर चालवणाऱ्या मूळ सॉफ्टवेअरची, आवृत्ती. तो आकडा वहीत लिहून ठेवा. पुढे काय करायचं ते सगळं या आकड्यावर ठरतं.

गेम दोन जातींचे असतात. टीआय-बेसिक या कॅल्क्युलेटरच्या स्वतःच्या सोप्या भाषेतले गेम कुठल्याही आवृत्तीवर 'प्रोग्राम' बटणातून चालतात, पण ते संथ. खेळण्यासारखे गेम सी किंवा असेम्ब्ली या प्रोग्रामिंगच्या भाषांत लिहिलेले असतात. ते कॅल्क्युलेटरच्या ४८ मेगाहर्ट्‌झच्या ईझेड८० प्रोसेसरशी थेट बोलतात, म्हणून चित्रं झरझर हलतात. २०२० मध्ये टेक्सास इन्स्ट्रुमेंट्सने परीक्षांच्या सुरक्षिततेसाठी असे प्रोग्राम चालवायची सोयच नव्या ओएसमधून काढून टाकली. आकडा ५.४ किंवा त्याखालचा असेल तर तुमचं काम सोपं आहे, असे प्रोग्राम थेट चालतात. ५.५.१ किंवा त्यापुढचा असेल तर एक वळसा घ्यावा लागतो, तो पुढे सांगतो.

आता सर्वांत घातक सल्ला: "आधी ओएस अपडेट करून घ्या." तो मीही एकदा ऐकला. २०२० च्या उन्हाळ्यात एका विद्यार्थिनीचा कॅल्क्युलेटर माझ्याकडे होता, जुन्या ओएसचा, सगळे गेम व्यवस्थित चालणारा. व्हिडिओत सांगितलं होतं म्हणून मी अपडेट दाबलं. पाच-दहा मिनिटांनी तिचा एकही गेम उघडेना. जुनी ओएस परत टाकायला गेलो तर कॅल्क्युलेटर ती घेईना. एकदा वर गेलं की खाली उतरता येत नाही, हे मला त्या दिवशी कळलं. म्हणून ठामपणे सांगतो: ओएस चालते आहे ना, मग तिला हात लावू नका. सॉफ्टवेअरने अपडेट सुचवलं तरी नाही म्हणा.

वळसा

त्याच वर्षी पुढे हौशी प्रोग्रामरांनी 'आर्टिफिस' नावाची फाइल काढली आणि नव्या ओएसवरही वाट मोकळी झाली. कॅल्क्युलेटरमध्ये भूमितीचं 'कॅब्री ज्युनिअर' नावाचं ॲप असतं. आर्टिफिस त्या ॲपमधल्या एका त्रुटीतून आत शिरते. त्यामुळे 'ॲप्स'च्या यादीत कॅब्री ज्युनिअर आहे का ते आधी बघा. नसेल तर कंपनीच्या साइटवरून ते फुकट घेऊन टाका. ही एक गोष्ट राहिली म्हणून अडकलेली मुलं मी सर्वांत जास्त पाहिली आहेत.

टीआय कनेक्ट सीईच्या 'कॅल्क्युलेटर एक्स्प्लोरर'मध्ये तीन फाइल ओढून टाका: आर्टिफिस, 'सीझियम' आणि 'सी-लिब्ज'. सीझियम म्हणजे गेम उघडून देणारा शेल. सी-लिब्ज म्हणजे सीमधल्या गेमना लागणाऱ्या लायब्ररींचा, म्हणजे तयार कोडच्या फाइलींचा, एकत्र गठ्ठा. तो नसेल तर गेम 'लिबलोड' सापडत नाही असं सांगून बंद पडतो. तिथे दोष गेमचा नसतो, तेव्हा तो पुन्हापुन्हा डाउनलोड करत बसू नका.

आता कॅब्री ज्युनिअर उघडा, 'वाय=' बटण दाबून फाइलचा मेनू काढा, 'ओपन' निवडा आणि यादीतून आर्टिफिस उघडा. भूमितीची आकृती यायच्या जागी प्रोग्रामची यादी येईल. त्यातला सीझियम निवडून एंटर दाबा म्हणजे तो स्वतःला ॲप म्हणून बसवतो. पुढे रोज 'ॲप्स'मधून सीझियम उघडायचा. कॅब्रीचा वळसा दर वेळी घ्यावा लागत नाही, हे बरेच जण सांगतच नाहीत.

आर्टिफिस ओएसच्या आवृत्तीप्रमाणे बदलत आली आहे. तिच्या पानावर तुमचा आकडा लिहिलेला असेल तरच ती घ्या. कुणी व्हॉट्सॲपवर पाठवलेली जुनी प्रत वापरू नका.

गेम

सेमेटेक, टीआय-प्लॅनेट किंवा टीआयकॅल्क या साइटवरून गेमची झिप घ्या, उघडा आणि आतल्या, नावाच्या शेवटी '८एक्सपी' (8xp) किंवा '८एक्सव्ही' (8xv) असलेल्या सगळ्या फाइल पाठवा. 'ओइराम' (मारिओ उलटा वाचा!) हा गेम घेतलात तर मुख्य फाइलसोबतच्या '८एक्सव्ही' फाइलही लागतात. सुरुवातीला हाच घ्या.

पाठवताना प्रत्येक फाइलसमोर रॅम की आर्काइव्ह हे निवडता येतं. आर्काइव्ह निवडा. रॅम १५४ केबी आहे, आर्काइव्ह ३ एमबी. गेम अडकला, पडदा गोठला, तर पाठीमागच्या छोट्या भोकातलं रीसेट बटण टाचणीने दाबावं लागतं. तेव्हा रॅममधलं सगळं पुसलं जातं, आर्काइव्हमधलं राहतं. माझ्या एका विद्यार्थ्याच्या प्रोजेक्टची दोन दिवस भरलेली आकडेवारी अशीच गेली. तुमच्या याद्या आणि प्रोग्रामही तिकडे हलवा: 'सेकंड', '+', मग मेमरी मॅनेजमेंट, हव्या त्या नावावर एंटर. नावाशेजारी चांदणी उमटली की ते सुरक्षित. टीआय-बेसिकचे गेम मात्र 'प्रोग्राम' बटणातून चालवायचे तर रॅममध्येच हवेत. सीझियम ते आर्काइव्हमधूनही उघडतो.

परीक्षेआधी

यात तडजोड नाही. परीक्षेच्या आधी गेम, सीझियम, आर्टिफिस, सगळं काढा. खिशात चिठ्ठी सापडली तर जे होतं तेच इथेही होऊ शकतं, आणि बारावीच्या वर्षी हा धोका कुणी पत्करू नये. मेमरीच्या मेनूत 'रीसेट'मध्ये 'ऑल' निवडलंत तर रॅम, आर्काइव्ह आणि ॲप्सही पुसली जातात, कॅब्रीसुद्धा. अभ्यासाला लागणारी ॲप्स लगेच परत टाका आणि उघडून बघा. हे पेपरच्या आदल्या रात्री करू नका, आठवडाभर आधी करा. गेमच्या फाइल कॉम्प्युटरवर एका फोल्डरमध्ये आवृत्तीच्या आकड्यासकट ठेवा. शेवटचा पेपर झाला की दहा मिनिटांत सगळं परत बसतं.