रात्रीच्या ट्रेकआधी अर्धा तास अंधारात बसा

कळसूबाईला (१६४६ मीटर) रात्री बारी गावातून निघणारे बरेच जण पहिल्या पावलापासून टॉर्च लावतात. त्याआधी वीस-तीस मिनिटं दिवे बंद करून बसून बघा. डोळे अंधाराला सरावायला एवढा वेळ लागतोच, आणि मोबाइलचा एक झगझगीत झोत तो सराव क्षणात घालवतो. म्हणून नकाशा बघायला मंद लाल दिवा ठेवा. अंधुक वस्तूकडे थेट न बघता किंचित बाजूला बघा, ती जास्त नीट दिसते. नजरेच्या ऐन मध्यभागी अंधारात काम करणाऱ्या पेशी नसतातच.

दिवा न लावता चालायचं ते मात्र फक्त ओळखीच्या, रुंद वाटेवर, तेही चांदण्यात. शिड्या, घसारा, कडा किंवा गवत आलं की हेडटॉर्च हवाच. मण्यार आणि घोणस मुख्यतः रात्री फिरतात, तेव्हा पाऊल टाकण्याआधी तिथं उजेड पडू द्या. बूट घोटा झाकणारे घाला. आणि जी वाट दिवसा एकदाही पाहिलेली नाही, ती रात्री पहिल्यांदा चढू नका, हे मी अगदी कळकळीनं सांगतो.

वाट चुकल्याची शंका आली तर पुढे चाचपडत जाऊ नका. शेवटच्या खात्रीच्या खुणेपर्यंत मागे या. तीही सापडली नाही तर कड्यापासून दूर, उजाडेपर्यंत बसून राहा.