कॉमेडी रायटर ते प्रोड्युसर: अमेरिकन टीव्हीतला रस्ता आणि त्याची तयारी

अमेरिकन सिटकॉमच्या क्रेडिट्समध्ये को-प्रोड्युसर, प्रोड्युसर, सुपरवायझिंग प्रोड्युसर अशी ढीगभर नावं येतात ना, त्यातले बरेच जण पैसे लावणारे नसतात, ते रायटरच असतात. तिकडे सुरुवात स्टाफ रायटर म्हणून, मग स्टोरी एडिटर, मग को-प्रोड्युसर आणि असं चढत चढत शोरनर, जो लिखाणापासून एडिटपर्यंत सगळ्याला जबाबदार असतो. म्हणून कॉमेडी लिहायची असेल तर प्रोडक्शनची समज पहिल्यापासूनच वाढवायला लागा.

आधी सॅम्पल हवं, म्हणजे काम मागताना दाखवायला स्वतःचं लिखाण. स्वतःचा अर्ध्या तासाचा ओरिजिनल पायलट, म्हणजे नव्या मालिकेचा पहिला एपिसोड लिहा. नेटवर्कवर, म्हणजे मोठ्या टीव्ही चॅनलवर, जाहिराती वजा जाता साधारण 22 मिनिटं उरतात, त्यात एक मुख्य गोष्ट आणि एखादी उपकथा बसवायची असते. लिहून झालं की सगळे जोक काढून वाचून बघा. कोणाला काय हवंय आणि ते का मिळत नाहीये हे तरीही कळत असेल तर स्क्रिप्ट उभी आहे, नाहीतर जोक कितीही भारी असले तरी पाचव्या पानावर वाचणारा कंटाळतो. हे मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं, कारण जोक दुसरा कोणीही सुचवू शकतो, पात्र तुम्हालाच घडवावं लागतं.

रायटर्स रूममध्ये, म्हणजे सगळे रायटर एकत्र बसून शो लिहितात तिथे, शिरायचा नेहमीचा मार्ग म्हणजे रायटर्स असिस्टंट. दिवसभर रूममध्ये जे बोललं जातं ते टिपून घ्यायचं, कंटाळवाणं काम आहे पण गोष्ट कशी मोडते आणि परत कशी जुळते हे इतक्या जवळून दुसरीकडे कुठे बघायला मिळणार? पुढे रायटर म्हणून बसलात की एक सवय लावून घ्या, 'हे चालत नाहीये' एवढंच म्हणून थांबायचं नाही, सोबत पर्याय द्यायचा. आणि आपला जोक पडला तर त्याची वकिली करत बसू नका, पुढचा सांगा.

खरी कमाई रीरायटिंगमध्ये आहे. मल्टी-कॅमेरा सिटकॉममध्ये, म्हणजे एकाच वेळी अनेक कॅमेऱ्यांवर शूट होणाऱ्या, आठवड्याच्या सुरुवातीला टेबल रीड (कलाकार बसून स्क्रिप्ट वाचतात), मग रन-थ्रू (सेटवरची सलग तालीम), आणि जे पडलं ते त्याच रात्री बदलायचं, शेवटी प्रेक्षकांसमोर शूटिंग आणि तिथेही हशा आला नाही तर फ्लोअरवरच नवीन लाइन द्यायची. 1951 मध्ये 'आय लव्ह ल्युसी' प्रेक्षकांसमोर तीन फिल्म कॅमेऱ्यांवर शूट व्हायला लागली, तोच साचा आजही वापरात आहे.

प्रोड्युसर व्हायचं तर सेटवर आणि एडिटला बसायला मिळायलाच हवं. कास्टिंगला एकच लाइन दहा जणांकडून ऐकली की कळतं चूक लिहिण्यात आहे की बोलण्यात, एडिटमध्ये कळतं की रिअॅक्शन जराशी लवकर कापली तरी हशा जातो, आणि रात्रीचा पाऊस लिहिताना एका ओळीत येतो पण शूट करायला किती महाग पडतो तेही तिथेच समजतं. स्ट्रीमिंगच्या छोट्या रूम्समध्ये रायटरला शूटिंगच्या आधीच सोडायला लागले आणि नवीन लोकांचं हे शिकणंच बंद पडलं, 2023 चा 148 दिवसांचा रायटर्स संप झाला त्यामागे हाही एक मुद्दा होता आणि तो अगदी रास्त होता. म्हणून काँट्रॅक्ट करताना सेटवर किती आठवडे मिळणार हे एजंटला आधी विचारायला लावा.

नेटवर्कच्या नोट्स, म्हणजे स्क्रिप्टवरच्या सूचना येतील, त्यावर चिडू नका. त्यांनी सुचवलेला उपाय अनेकदा चुकीचा असतो पण ज्या पानावर ते अडखळले तिथे काहीतरी सैल असतंच, ते शोधा.

सिनेमा वेगळा. टीव्हीत रायटरच्या हातात सूत्रं असतात, सिनेमात ती डायरेक्टरकडे जातात, आणि दुसऱ्याच्या स्क्रिप्टवर जोक वाढवून द्यायचं पंच-अपचं काम मिळालं तर पैसे मिळतात पण बरेचदा क्रेडिट मिळत नाही. जेम्स एल. ब्रुक्स 1970 मध्ये 'मेरी टायलर मूर शो' घडवणाऱ्या दोघांपैकी एक, त्यांनी 1983 चा 'टर्म्स ऑफ एन्डिअरमेंट' स्वतः लिहिला, डायरेक्ट केला आणि प्रोड्यूसही केला, त्याबद्दल तीन ऑस्कर घेतले. सिनेमात आपलं लिखाण आपल्या हातात ठेवायचं असेल तर तुम्हीही स्क्रिप्ट विकताना निदान प्रोड्युसर म्हणून सोबत राहायची अट घालून बघा, पहिल्या सिनेमाला बहुतेक नाही म्हणतील, पण टीव्हीत एक-दोन सीझन सांभाळून दाखवले असतील तर तुमचं ऐकून घेतात.