रॉम टाकला, पण प्ले स्टोअर नाही? मग हे वाचा

"रॉम मारलाय, फोन एकदम हलका झालाय, पण प्ले स्टोअरच कुठं दिसंना." इचलकरंजीत माझं मोबाइल दुरुस्तीचं काउंटर आहे, तिथं हे वाक्य वरचेवर कानावर येतं. फोनही बहुतेक ठरलेले. पोको एफ वन, रेडमी नोटची जुनी मॉडेलं, एखादा वनप्लस. कंपनीची अपडेटं बंद झालेली, हार्डवेअर मात्र ठणठणीत. म्हणून घरातल्या कुणीतरी त्यात लिनिएज ओएस, म्हणजे कंपनीच्या सिस्टीमच्या जागी टाकायची खुल्या कोडची अँड्रॉइड (अशा सिस्टीमलाच रॉम म्हणतात), टाकलेली असते. पोको एफ वनचंच बघा. 2018 ला आलेला फोन, कंपनीने अँड्रॉइड 10 वर सोडून दिला. त्यातला स्नॅपड्रॅगन 845 आजही रोजच्या कामाला कमी पडत नाही.

पुढं काय केलेलं असतं तेही मला न विचारता कळतं. ब्राउझरमधून प्ले स्टोअरची एपीके (ॲप बसवायची फाइल) उतरवली, बसवली, उघडली की लगेच बंद पडते. मग प्ले सर्व्हिसेसची एपीके. तिचंही तेच. मग कुणीतरी सांगितलेली तिसरीच फाइल. फोन माझ्याकडे येतो तोवर "कीप्स स्टॉपिंग"ची खिडकी दर मिनिटाला उघडत असते.

हे असं का होतं ते आधी समजून घ्या, म्हणजे पुढच्या पायऱ्या पाठ कराव्या लागणार नाहीत. प्ले सर्व्हिसेस हे वरून टाकायचं ॲप नाहीच. दुसऱ्या ॲपना नोटिफिकेशन पोचवणं, लोकेशन देणं, ओटीपीचा मेसेज आपोआप वाचून देणं, खातं सांभाळणं ही कामं ते करतं. त्यासाठी लागणाऱ्या परवानग्या अँड्रॉइड फक्त सिस्टीमच्या भागात बसलेल्या ॲपलाच देतं, आणि तो हिशोब पहिल्यांदा फोन सुरू होतानाच लावून टाकतं. नुसती एपीके बसते वापरकर्त्याच्या भागात. तिथून तिला ते हक्क मिळत नाहीत. भिंतीत वायरिंगचे पाइप गिलाव्याच्या आधी टाकतात, तसंच हे आहे. रॉम टाकल्यावर आणि फोन पहिल्यांदा सुरू करायच्या आधी, मधल्या वेळेतच गूगलचं पॅकेज बसलं पाहिजे. ती वेळ हुकली असेल तर डोकं लढवत बसू नका. फोटो, कॉन्टॅक्ट बाहेर काढा आणि पहिल्यापासून करा.

लिनिएजवाले हे आधीच घालून का देत नाहीत, असंही लोक विचारतात. देता येत नाही. त्यांच्या आधीचा सायनोजेनमॉड नावाचा रॉम गूगलची ॲप सोबत देत होता, तेव्हा 2009 मध्ये गूगलने नोटीस पाठवून ते थांबवलं. अँड्रॉइडचा मूळ कोड खुला आहे, पण प्ले स्टोअर आणि त्यामागच्या सेवा गूगलच्या मालकीच्या. तेव्हापासून ही ॲप वेगळ्या झिपमध्ये येतात. त्या झिपला सगळे जीॲप्स म्हणतात.

काम हातात घेण्याआधी मी गिऱ्हाइकाला एकच विचारतो, "दादा, या फोनवरून पैसे पाठवता का?" हो म्हणाला तर स्पष्ट सांगतो. रॉम टाकण्यासाठी बूटलोडर (फोन सुरू करणारं कुलूपबंद सॉफ्टवेअर) उघडलेला फोन गूगलच्या प्ले इंटिग्रिटी, म्हणजे फोनशी छेडछाड झालीय का या तपासणीत बऱ्याचदा अडकतो आणि बँकेची, यूपीआयची ॲप त्यावर नखरे करतात. काही चालतात, काही उघडतच नाहीत, आणि आज चाललेलं ॲप पुढच्या अपडेटला बंद पडू शकतं. यावर तोडगे विकणारे आहेत, पण ज्या फोनवर पगार जमा झाल्याचा मेसेज येतो त्यावर असले खेळ मी करत नाही. पैशाचं ॲप दुसऱ्या, कंपनीच्या सिस्टीमवर असलेल्या फोनवर ठेवा. नड असेल तर *99# डायल करून पैसे पाठवायची सोय आहेच, त्याला ॲपही लागत नाही आणि नेटही.

आता फाइल. लिनिएज स्वतः माइंड द गॅप्स हे जीॲप्सचं पॅकेज सुचवतं, मीही तेच वापरतो. निकगॅप्स वगैरे आहेत, पण सुरुवात करणाऱ्याने वाट सोडून जायचं कारण नाही. जुने व्हिडिओ बघून ओपन गॅप्स शोधत बसू नका, ते नव्या अँड्रॉइडसाठी नाही.

झिपच्या नावातच सगळं लिहिलेलं असतं: अँड्रॉइडची आवृत्ती, प्रोसेसरचा प्रकार, तारीख. आवृत्तीसाठी लिनिएजच्या आकड्यातून सात वजा करा. लिनिएज 21 म्हणजे अँड्रॉइड 14, 22 म्हणजे 15. हे जुळलंच पाहिजे, "जवळपासचं" चालत नाही. प्रोसेसरसाठी बहुतेक फोनना एआरएम 64 लागतं. पण काही स्वस्त फोनमध्ये प्रोसेसर 64 बिटचा आणि वरची सिस्टीम 32 बिटची असायची. शंका असेल तर चालू फोन संगणकाला जोडून "एडीबी शेल गेटप्रॉप" या आज्ञेने (एडीबी म्हणजे संगणकावरून फोनला आज्ञा देणारं साधन) निघणाऱ्या यादीत सीपीयू एबीआयची, म्हणजे सिस्टीमचा प्रकार सांगणारी, ओळ बघा. झिप उघडू नका, आहे तशीच ठेवा. मॅकवर सफारी कधीकधी झिप स्वतःच उघडून ठेवते, तिकडे लक्ष असू द्या.

पुढचं मी पोको एफ वन समोर ठेवून सांगतो. बूटलोडर उघडलेला आहे, लिनिएजची रिकव्हरी (सिस्टीम सुरू न करता रॉम टाकायचा वेगळा पडदा) टाकलेली आहे आणि संगणकावर गूगलची प्लॅटफॉर्म टूल्स (एडीबी त्यातच येतं) आहेत असं धरतो. केबल डेटा जाणारी घ्या. नुसती चार्जिंगवाली केबल घेऊन तासभर ड्रायव्हर बदलत बसलेले लोक मी बघितलेत. संगणकाच्या निळ्या, यूएसबी 3 च्या पोर्टवर फोन सापडेना तर 2.0 चा पोर्ट धरा, किंवा मध्ये साधा जुना हब लावा.

फोन बंद करा. पॉवर आणि आवाज वाढवायचं बटण एकत्र दाबून रिकव्हरीत जा. फॅक्टरी रीसेटमध्ये जाऊन फॉरमॅट डेटा करा. यात फोनमधलं सगळं जातं, फोटोसुद्धा, म्हणून बॅकअप आधीच झालेला हवा. मग अप्लाय अपडेट, त्यात अप्लाय फ्रॉम एडीबी. संगणकावर "एडीबी साइडलोड" लिहून पुढे लिनिएजच्या झिपचं नाव द्या (आज्ञा अर्थात इंग्रजी लिपीत, लहान अक्षरांत).

इथं बरेच जण घाबरतात. टक्केवारी 47 वर येऊन थांबते आणि खाली "फेल्ड टू रीड कमांड: सक्सेस" असं विचित्र काहीतरी येतं. फेल पण आणि सक्सेस पण! काही बिघडलेलं नाही. शेवटी सक्सेसच्या जागी "नो एरर" किंवा "अनडिफाइन्ड एरर: झिरो" आलं तरी चालतं. संगणकापेक्षा फोनच्या स्क्रीनवर काय लिहिलंय ते बघा. तिथं चूक दाखवत नसेल तर झालं.

आता हात रीबूटकडे न्यायचा नाही. पोको एफ वनमध्ये सिस्टीमची एकच जागा आहे, म्हणून तिथल्या तिथं पुन्हा अप्लाय फ्रॉम एडीबी करून माइंड द गॅप्सची झिप पाठवायची. ज्या फोनमध्ये ए आणि बी अशा दोन जागा असतात, त्यात नवी सिस्टीम रिकाम्या जागेत बसते, आणि तुम्ही उभे असता जुन्या जागेत. तिथूनच जीॲप्स टाकलं तर ते भलतीकडे जातं. म्हणून अशा फोनवर रिकव्हरी विचारते, आणखी पॅकेज टाकायचं असेल तर आधी रिकव्हरी पुन्हा सुरू करू का? हो म्हणा. विचारलं नाही तर ॲडव्हान्स्डमधून रीबूट टू रिकव्हरी करा. सिस्टीम सुरू करायची नाही, परत रिकव्हरीतच यायचं.

जीॲप्सच्या वेळी "सिग्नेचर व्हेरिफिकेशन फेल्ड" येणारच. त्या झिपवर लिनिएजची सही नसते, एवढाच त्याचा अर्थ. येस करा. पण फाइल मूळ जागेवरूनच उतरवलेली हवी. टेलिग्रामवर कुणी फॉरवर्ड केलेल्या झिपला ही येस देऊ नका.

मग रीबूट. पहिल्यांदा सुरू व्हायला पंधरा मिनिटांपर्यंत वेळ लागू शकतो, बटणं दाबत बसू नका. सुरुवातीच्या पडद्यांवर गूगल खातं विचारलं की सेवा बसल्या. लॉगिन झाल्यावर फोन वाय-फायला जोडून थोडा वेळ बाजूला ठेवा. प्ले सर्व्हिसेस मागे स्वतःला अपडेट करत असते, आणि तेवढ्यात पंधरा ॲप डाउनलोडला लावली की फोन तापतो, अडखळतो, आणि दोष रॉमला मिळतो.

"डिव्हाइस सर्टिफाइड नाही" असा निरोप आला तर तोही धरूनच चाला. गूगलचं नोंदणीचं पान आहे, गूगल डॉट कॉम, स्लॅश अँड्रॉइड, स्लॅश अनसर्टिफाइड. तिथं फोनचा गूगल सर्व्हिसेस फ्रेमवर्कचा आयडी द्यायचा. तो काढण्यासाठी डेव्हलपर ऑप्शन्समधून रूटेड डीबगिंग चालू करा आणि त्या पानावर दिलेली आज्ञा चालवा. नोंद झाल्यावर प्ले स्टोअर आणि प्ले सर्व्हिसेसचा डेटा पुसून फोन पुन्हा सुरू करा. लगेच फरक पडला नाही तर थोडं थांबा. फॅक्टरी रीसेट केला की हा आयडी बदलतो, म्हणून नोंदणी परत करावी लागते. या नोंदणीने प्ले स्टोअर वापरता येतं. वर सांगितलेली इंटिग्रिटीची अडचण मात्र त्याने जात नाही.

एखादा म्हणतो, मला गूगल नकोच, फक्त मेसेज वेळेवर येऊ देत. त्याच्यासाठी मायक्रोजी आहे, प्ले सर्व्हिसेसची जागा घेणारं खुल्या कोडचं छोटं सॉफ्टवेअर. ते आधीच घातलेली लिनिएज वेगळी मिळते, ती टाकायची आणि ॲपसाठी प्ले स्टोअरऐवजी एफ-ड्रॉइड, अरोरा स्टोअर वापरायचं. खटपट करायची हौस असलेल्याला छान. माझ्या आईच्या फोनवर मी टाकणार नाही.

नेहमीची अपडेटं सेटिंगमधून आली की जीॲप्स जागेवर राहतं, त्याची सोय पॅकेजमध्येच असते. लिनिएज 21 वरून 22 अशी मोठी उडी मारताना मात्र नव्या अँड्रॉइडचं जीॲप्स आधीच उतरवून ठेवा, आणि रॉमच्या पाठोपाठ, फोन सुरू होऊ न देता, त्याच बैठकीत टाका.